बीडच्या ऊसतोड बायकांवर डॉक्युमेंटरी करायचीय? मग सुरुवात शेवटच्या टोकाकडून कर

तुझा मेसेज लांबलचक होता, म्हणून आधी तो चार ओळींत मांडते, दुसऱ्या कुणी वाचलं तर त्यालाही संदर्भ लागेल. तू पुण्यात मास कॉम केलंस, मूळ गाव बीड जिल्ह्यात, भावकीतली बरीच घरं अजून तोडीला जातात, आणि तुला पिशवी (गर्भाशय) काढलेल्या ऊसतोड बायकांवर तासाभराची डॉक्युमेंटरी करायचीय. बायका कॅमेऱ्यासमोर बोलत्या कशा करायच्या, चेहरे दाखवायचे का, रिलीज फॉर्मवर (शूटिंग वापरायच्या परवानगीच्या कागदावर) सह्या घेतल्या की आपण सेफ का, पैसे द्यायचे का, सेन्सॉरचं काय, आणि शेवटी रेकॉर्डर कुठला घेऊ, असे प्रश्न. ताई म्हणालीस म्हणून अगं-तुगं करते, राग मानू नको.

मी या लाइनमध्ये बरीच वर्षं आहे, एचआयव्ही, घरातली मारहाण, गटारात उतरणारी माणसं असे विषय केलेत, आणि माझं एकच म्हणणं आहे जे खालच्या सगळ्या उत्तरांत येत राहील. असल्या फिल्मचं प्लॅनिंग शेवटच्या प्रेक्षकापासून मागे मागे येत करायचं. आणि शेवटचा प्रेक्षक म्हणजे कोण, तर त्या बाईचा मुकादम (तोडीची टोळी जमवणारा ठेकेदार), तिचा दीर, तिच्या मुलीला बघायला येणारे पाहुणे, आणि गावातला तो पोरगा जो तीस सेकंदांची क्लिप कापून ग्रुपवर टाकतो. फिल्म तू परदेशातल्या फेस्टिव्हलला दाखव नाहीतर पुण्यात एखाद्या छोट्या हॉलमध्ये, वर्षा-दोन वर्षांत ती त्या मोबाइलवर पोचतेच. त्या दिवशी तू कुठेतरी पुढच्या प्रोजेक्टमध्ये असशील, ती बाई मात्र तिथेच असणारे, त्याच नळावर पाणी भरणारे. तेव्हा त्या दिवशी काय काय होऊ शकतं हे आधी कागदावर लिही, मग कॅमेरा बॅगेतून काढ.

आता या विषयात नेमकं काय होऊ शकतं ते बघू, कारण इथे धोका कुठून येतो हे बाहेरच्या लोकांना पटकन कळत नाही. तुला भावकीमुळे माहीत असेल, तरी सांगते. तोडीचा हिशोब जोडीवर चालतो, नवरा-बायको मिळून एक कोयता. हंगाम सुरू व्हायच्या आधी मुकादम उचल (आगाऊ पैसे) देतो आणि ती बहुतेक वेळा नवऱ्याच्या हातात जाते, बाईच्या कामाचा वेगळा पैसा तिला दिसतच नाही. सहा महिन्यांत उचल फिटली नाही तर ती पुढच्या वर्षावर जाते. एक दिवस कामाला आली नाही की खाडा, त्याची कपात. मग पाळीच्या दिवसांत, अंगावरून पांढरं जात असताना, कोपीवर (तात्पुरत्या झोपडीत) ना संडास ना पुरेसं पाणी, पहाटे तीन-चारला उठून फडात (तोडीच्या उसात) जायचं आणि रात्री-अपरात्री गाडी आली की परत मोळ्या भरायला उभं राहायचं. अशात कुणी डॉक्टर म्हणतो की पिशवी खराब झालीय, कॅन्सर होईल, काढून टाका. लग्न लहानपणी झालेलं, विशी-बाविशीत दोन-तीन पोरं होऊन कुटुंब नियोजनाचं ऑपरेशन झालेलं, तिला वाटतं आता पिशवीचं काम तरी काय उरलंय. ऑपरेशनच्या खर्चाला परत उचल. म्हणजे ती जेव्हा कॅमेऱ्यासमोर बोलते तेव्हा ती फक्त तब्येतीबद्दल बोलत नसते, ती मुकादमाबद्दल बोलत असते, आणि मुकादम बऱ्याचदा तिच्याच गावचा, कधी कधी नात्यातलाच. फिल्म बघून तो चिडला तर शिवीगाळ वगैरे करेलच असं नाही, तो फक्त पुढच्या दसऱ्याला म्हणेल की यंदा तुमच्या कोयत्याला उचल नाही. संपलं. हे नुकसान कुठल्याही रिलीज फॉर्ममध्ये लिहिलेलं नसतं.

दुसरं म्हणजे हे सगळं एकदा होऊन गेलंय. २०१९ च्या एप्रिलमध्ये बीडच्या बातम्या देशभर झळकल्या, मग सरकारने नीलम गोऱ्हेंच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली, जिल्ह्यात सर्वेक्षण झालं आणि ८२,३०९ ऊसतोड बायकांपैकी १३,८६१ जणींची पिशवी काढलेली निघाली, म्हणजे साधारण सहाजणींमागे एक. आकडा भयंकर आहेच, पण त्याच्या मागोमाग जे कॅमेरे आले त्यांनी गावांवर ‘गर्भाशय नसलेल्या बायकांचं गाव’ असलं लेबल लावलं, आणि मग ज्या गावाचं नाव असं छापून येतं तिथल्या पोरींना स्थळं बघताना काय होतं ते तू तुझ्या चुलत्यांना विचार. त्यामुळे तू गेलीस की पहिला प्रश्न येणार, तुम्ही पण तेच विचारायला आलात का. याला चांगलं उत्तर तुझ्याकडे पाहिजे. नसेल तर फिल्म करू नको, खरंच सांगते, जे छापून आलंय तेच पुन्हा शूट करायला कुणाचा दिवस मोडू नये. माझ्या मते अजून न केलेली गोष्ट आहे ती ऑपरेशननंतरच्या वर्षांची. पस्तिशीतच पाठ धरते, हाडं दुखतात, अंगाची लाही होते, आणि कोयता तर तसाच चालू. सहा महिने तू तेवढंच बघत बसलीस तरी फिल्म होईल.

बोलत्या कशा करायच्या. मला हा प्रश्न असा विचारलेला आवडत नाही, पण अर्थ कळला. पहिला नियम, पहिले बरेच दिवस कॅमेरा नाही. आणि हंगामात फडावर थेट जाऊ नको, त्याआधी पावसाळ्यात गावात जा, तेव्हा बायका घरी असतात, खुरपणीला जातात, वेळ असतो असं नाही पण खाड्याची भीती नसते. मग दिवाळीच्या आसपास टोळ्या सांगली, कोल्हापूर, सातारा, सोलापूर, कर्नाटक अशा निघाल्या की ज्या टोळीशी तुझी ओळख झालीय तिच्याबरोबर जा. फडावर परवानग्या तीन माणसांच्या लागतात, त्यातली कागदावर एकही नसते: शेतमालक, मुकादम, आणि कारखान्याचा चिटबॉय (तोडीच्या चिठ्ठ्या देणारा माणूस). मुकादमाला टाळून शूट करता येत नाही हे लक्षात ठेव. त्याच्याशी खोटं बोलू नको, ‘ऊसतोडीच्या कामावर आणि बायकांच्या तब्येतीवर फिल्म करतेय’ एवढं खरं सांग. आणि त्यालाही बोलू दे. मुकादम हा फिल्ममधला व्हिलन करायला फार सोपा माणूस आहे, पण कारखान्याकडून उचलीचे पैसे घेऊन तो टोळी ठरवतो आणि टोळी पळाली तर तो बुडतो, त्याच्यावर पण कुणीतरी बसलेलं आहे. तो भाग फिल्ममध्ये आला नाही तर सगळा दोष अशा एका माणसावर जातो ज्याचं नाव गावात सगळ्यांना माहितीये, आणि कारखाना, साखरेचा पूर्ण व्यवहार, खासगी दवाखाना हे सगळे फ्रेमच्या बाहेर निवांत राहतात.

मुलाखतीला ग्रुपमध्ये बसवू नको. बायका घोळक्यात खूप हसतात, खूप बोलतात, आपल्याला वाटतं वा काय मस्त मटेरियल, पण एकीने दुसरीचं गुपित बोलून टाकलेलं असतं आणि त्या दुसरीने तुला होकार दिलेलाच नसतो. एकटीशी बोल. नवरा शेजारी येऊन बसतोच, म्हणून क्रूमध्ये एक मुलगा असू दे ज्याचं त्या तासाभराचं काम नवऱ्याबरोबर चहा पिणं आणि उसाच्या भावावर गप्पा मारणं एवढंच. बाकी माइक लावायला, आवाजाला, कॅमेऱ्याला शक्यतो बायका. पदराच्या आतून लेपल माइकची वायर पुरुषाने फिरवायची नाही, हे सांगायची वेळ येऊ नये पण येते.

प्रश्न कामापासून सुरू कर. किती वर्षांची असताना पहिल्यांदा फडात आलात, कोयता कुणी शिकवला, मोळी डोक्यावर कशी घेतात, वाढे (उसाचे हिरवे शेंडे) विकून किती सुटतात आणि ते पैसे कोण ठेवतं. ती या गोष्टींत एक्सपर्ट आहे आणि आपण शिकाऊ, बोलण्याचा तोल तिथे बरोबर बसतो. तब्येतीवर ती स्वतः येते, खूपदा वाढ्यांच्या पैशावरून थेट दवाखान्याच्या बिलावर येते. ‘तेव्हा तुम्हाला कसं वाटलं’ हा प्रश्न टीव्हीवाल्यांनी इतका वापरलाय की त्याला उत्तर म्हणून लोक टीव्हीवरचंच वाक्य देतात, तो काढूनच टाक. ‘त्या दिवशी दवाखान्यात बरोबर कोण होतं’, ‘कागद कुणी वाचला’, ‘टाके असताना किती दिवसांनी परत फडात गेलात’ असले प्रश्न विचार. रडायला लागली तर कॅमेरा बंद कर. बंद केला हे तिला दिसेल असा बंद कर, लाल दिवा विझलेला दाखव. ती म्हणाली चालू ठेवा तर ठेव. मी बऱ्याच एडिटर लोकांशी यावर भांडलेय, त्यांना रडतानाचा क्लोजअप हवाच असतो आणि फंड देणाऱ्यांना तर फारच, पण रडणारा चेहरा ही माहिती नसते, आणि त्या शॉटमुळे प्रेक्षक तिची कीव करून मोकळा होतो.

आता संमती. फॉर्म घे, वकिलाला लागतो, फेस्टिव्हलला लागतो, पण सही किंवा अंगठा म्हणजे संमती असं समजू नको, कारण आयुष्यात तिने ज्या ज्या कागदावर अंगठा केलाय तो तिच्या भल्याचा निघालाच असं नाही, ऑपरेशनच्या कागदासकट. मी तोंडी संमती मराठीत, तिच्या बोलीत, ऑडिओवर रेकॉर्ड करते आणि तीन टप्प्यांवर घेते. शूटच्या आधी. मग शूट झाल्यावर त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी, जे बोलली ते तिला हेडफोनवर ऐकवून, यातलं काय ठेवू काय काढू असं विचारून. आणि मग रफ कट (पहिलं कच्चं एडिट) झाल्यावर, तिचा भाग तिच्या आजूबाजूला काय लावलाय त्याच्यासकट दाखवून. हा तिसरा टप्पा सगळे टाळतात आणि खरा प्रकार तिथेच असतो, कारण तिचं वाक्य निरुपद्रवी असतं आणि आपण त्याच्यापुढे मुकादमाचा शॉट जोडतो आणि झालं, आरोप तयार.

पहिल्या टप्प्याला काय सांगायचं? ‘फिल्म जगभर दाखवली जाईल’ असं नको, त्याने तिच्या डोळ्यांपुढे काहीच येत नाही. माझा ठरलेला प्रश्न असतो, हे उद्या तुमच्या पुतण्याच्या मोबाइलवर आलं आणि घरात सगळ्यांनी बघितलं तर काय होईल? मग ती विचार करते, खरा विचार, कधी म्हणते होऊ दे काय व्हायचं ते, कधी म्हणते थांबा मालकांना विचारते, कधी विषयच बदलते. विषय बदलला म्हणजे नाही. तोंडावर नाही म्हणायची सवय नसलेल्या माणसाचा नकार असाच येतो, परत परत बोलवूनही भेट टळते, पोरगी सांगते आई पाण्याला गेलीय. हे नकार ओळखता आले पाहिजेत. आणि फिल्म लॉक होईपर्यंत, म्हणजे एडिट पक्कं होईपर्यंत, कधीही माघार घेता येईल, त्यानंतर मात्र ऑनलाइन गेलेली गोष्ट माझ्याही हातात नाही, हे स्पष्ट सांग.

इथे सुमित्रा भावेंची आठवण काढावीशी वाटते. त्या मूळच्या समाजशास्त्र-समाजकार्यातल्या, दलित बायकांवर संशोधन केलं आणि लक्षात आलं की ज्यांच्यावर लिहिलं त्यांना ते वाचता येणार नाही, म्हणून फिल्मकडे वळल्या, त्यातून १९८५ मध्ये ‘बाई’ आली आणि तिला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. ती कथा स्वरूपातली छोटी फिल्म, डॉक्युमेंटरी नाही, पण कुणासाठी करायची याचा क्रम बघ.

चेहरे. नवीन लोक दोन टोकांना जातात, एकतर सगळ्यांचे चेहरे ब्लर नाहीतर सगळे उघडे. सगळ्यांना झाकणं मला पटत नाही, झाकलेला चेहरा आरोपीसारखा दिसतो, आणि काही बायकांना नावानिशी बोलायचंच असतं, विशेषतः ज्या संघटनेत काम करतात, महिला किसान अधिकार मंच म्हणजे मकामसारख्यांबरोबर ज्या मोर्चाला गेल्यात. त्यांना झाकणं हा अपमान आहे. पण ज्यांना लपायचंय त्यांना नीट लपव, अर्धवट नको. शूटिंगलाच चेहरा घेऊ नको. ‘आत्ता घेऊ, नंतर ब्लर करू’ म्हणजे तुझ्या हार्ड डिस्कवर चेहरा आहेच, ती चोरीला गेली, कुठे जप्त झाली, एडिटरने मित्राला दाखवली, काहीही. आणि चेहरा झाकला तरी गावातला माणूस हातावरच्या गोंदणावरून ओळखतो, आवाजावरून तर नक्की, बैलांच्या रंगवलेल्या शिंगांवरून, ट्रॅक्टरच्या नंबरवरून. मागे झेडपी शाळेची भिंत असली तर तिच्यावर गाव, तालुका, जिल्हा ठळक अक्षरांत रंगवलेलं असतं. एसटीची पाटी, देवळाचा कळस, कारखान्याची चिमणी. ड्रोन शॉट घेतलास की सॅटेलाइट नकाशाशी जुळवून पाच मिनिटांत गाव सापडतं, तशीही त्या ड्रोनची हौस थोडी कमीच कर. शेवटच्या आभाराच्या पाटीत सरपंचाचं नाव टाकलं की सगळी मेहनत वाया, हे मी दुसऱ्यांच्या फिल्ममध्ये बघितलंय. तिथे आभार प्रत्यक्ष भेटून मान.

आवाजाचा पिच खाली-वर करून लपत नाही, तो परत मूळचा करता येतो आणि ऐकायला पण विचित्र लागतो. त्यापेक्षा तिचं बोलणं शब्दशः उतरवून त्याच भागातल्या दुसऱ्या बाईकडून वाचून घे, पुण्याची नटी नको, बोली लगेच खोटी पडते. आणि तसं केलंय हे फिल्ममध्ये लिही. चेहऱ्याचं म्हणशील तर २०२० च्या ‘वेलकम टू चेचन्या’ या चेचन्यातल्या समलिंगी लोकांवरच्या डॉक्युमेंटरीत त्यांनी दुसऱ्या माणसांचे चेहरे डिजिटली बसवले, ज्या कार्यकर्त्यांनी स्वखुशीने आपले चेहरे दिले होते. आपल्या बजेटात ते बसणार नाही बहुतेक, पण हात, पाय, पाठ, कोयता, कोपीतला अंधार यांच्यावर अख्खी फिल्म उभी राहू शकते, आणि बायका तोडताना साडीवर पुरुषाचा शर्ट घालून डोक्याला टॉवेल घट्ट बांधतात त्यामुळे निम्मं काम त्यांनीच केलेलं असतं.

फाइलींची शिस्त पण याच्यातच येते. फाइलला बाईचं नाव नाही, कोड. नाव आणि कोडची यादी वेगळ्या जागी, फुटेजबरोबर नाही. ड्राइव्हला पासवर्ड, फोनचं लोकेशन बंद, क्लिपा व्हॉट्सॲपवर पाठवायच्या नाहीत, अगदी एडिटरलासुद्धा नाही.

कायद्याचं थोडक्यात, कारण काही गोष्टींत तिच्या किंवा तुझ्या मर्जीचा प्रश्नच येत नाही. मुलाखतीत बलात्काराचा उल्लेख आला, फडावर ते होतं आणि बायका बोलतात, तर भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ प्रमाणे ओळख उघड करणं गुन्हा आहे, पीडित सज्ञान असेल आणि तिने स्वतः लेखी परवानगी दिली तर गोष्ट वेगळी. लहान मुलगी असेल तर पॉक्सोचं (मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धच्या कायद्याचं) कलम २३, तिथे आईबापांची परवानगी चालत नाही, विशेष न्यायालयाची लागते. नाव टाळलं म्हणजे झालं असं नाही, गाव, शाळा, नातेवाईक, ज्यावरून ओळख पटेल ते सगळंच आलं, आणि २०१८ च्या निपुण सक्सेना निकालात सुप्रीम कोर्टाने हे आणखी कडक करून सांगितलंय, अगदी पीडित मरण पावलेली असली तरीही. एचआयव्ही असलेल्यांसाठी आणि मानसिक उपचार घेणाऱ्यांसाठी २०१७ चे दोन वेगळे कायदे आहेत. फडावर चौदा-पंधराच्या नवऱ्या मुली दिसतील, त्यांचे चेहरे तर घेऊच नको. आणि डॉक्टरचं किंवा दवाखान्याचं नाव घ्यायचं असेल तर सोनोग्राफी रिपोर्ट, डिस्चार्ज कार्ड, बिल, काढलेल्या पिशवीचा तपासणी रिपोर्ट, हे हातात पाहिजे आणि डॉक्टरला उत्तराची संधी दिल्याचा पुरावा पाहिजे. बहुतेकींकडे कागद नसतातच. मग नाव घेऊ नको, बदनामीची नोटीस तुला आली तरी साक्षीला तिला ओढतील.

पैसे. यावर माझ्या ओळखीचे लोक दोन गटांत आहेत आणि भांडण जुनं आहे. माझं मत, गोष्ट सांगायचे पैसे द्यायचे नाहीत, बुडालेल्या कामाचे द्यायचेच. ती दोन तास तुझ्यासमोर बसली तर मोळ्या कमी पडतात, जोडी मागे राहते, तो तोटा तिने का सोसायचा? आम्ही काम संपल्यावर संध्याकाळीच बसतो, पण तेव्हा तिला स्वयंपाक असतो, सरपण, पाणी असतं. म्हणून टोळीतल्या सगळ्यांना सारखं काहीतरी, किराणा असेल, औषधं असतील, बोलणाऱ्यांना वेगळं आणि न बोलणाऱ्यांना वेगळं नाही. नाहीतर दुसऱ्या दिवशी रांग लागते आणि जिला बोलायचं नाही तीही बोलते. आणि मुलाखतीआधी जवळचं ग्रामीण रुग्णालय कुठलं, तिथे बाईंच्या डॉक्टर कुठल्या वारी असतात, आशाताई कोण, हे माहीत करून ठेव, कारण मुलाखत संपल्यावर ती हमखास विचारते, मग आता याच्यावर औषध काय?

रफ कट दाखवण्यावरून एक सांगते. ‘रायटिंग विथ फायर’ ही ‘खबर लहरिया’च्या दलित पत्रकार बायकांवरची फिल्म २०२२ मध्ये ऑस्करच्या शर्यतीत होती, आणि ऐन सोहळ्याच्या आधी त्याच पत्रकारांनी निवेदन काढलं की फिल्म प्रभावी आहे पण आमच्या कामाचं चित्र त्यात अपुरं आलंय, जणू आम्ही एकाच पक्षाच्या मागे होतो. कोण बरोबर हे मी ठरवत नाही, फिल्मवाल्यांनी बरीच वर्षं त्यांच्याबरोबर घालवली होती. पण बघ, ज्यांचा धंदाच बातमीचा, ज्यांना कॅमेरा आणि एडिटिंग कळतं, त्यांना सुद्धा पडद्यावर आपण वेगळेच दिसलो असं वाटलं. आणि निदान त्यांच्याकडे निवेदन काढायची जागा होती. तुझ्या फिल्ममधल्या बाईकडे ती नसणार. अंतिम कटचा निर्णय तुझाच, तो कुणाला देऊ नको, मुकादमाला नाही, फंड देणाऱ्याला नाही, पण तिच्या स्वतःच्या भागाबद्दल नकाराधिकार तिला दे. याने फिल्म दुबळी होते असं म्हणणारे भेटतील. माझा अनुभव उलटा आहे, अर्ध्या वेळा बाया काढायला सांगत नाहीत, अजून टाकायला सांगतात, हे राहिलं बघा म्हणतात.

सेन्सॉर. सार्वजनिक प्रदर्शनासाठी डॉक्युमेंटरीलाही प्रमाणपत्र लागतं, दिग्दर्शक के. ए. अब्बास आपल्या छोट्या डॉक्युमेंटरीसाठी सुप्रीम कोर्टात गेले होते आणि १९७० मध्ये कोर्टाने आधी तपासणी करायची पद्धत कायम ठेवली, ती आजही आहे. फेस्टिव्हलना केंद्राच्या माहिती आणि प्रसारण मंत्रालयाकडून सूट घेता येते. २००४ च्या मुंबईच्या सरकारी डॉक्युमेंटरी फेस्टिव्हलच्या वेळी भारतीय फिल्मना प्रमाणपत्राची अट घालायचा प्रयत्न झाला तेव्हा फिल्मवाल्यांनी ‘विकल्प’ नावाने समांतर फेस्टिव्हल भरवला होता. डॉक्युमेंटरीवाले आनंद पटवर्धन तर दूरदर्शनविरुद्ध सुप्रीम कोर्टापर्यंत जाऊन २००६ मध्ये जिंकून आले, दूरदर्शनला फिल्म दाखवावी लागली. तुझ्या विषयात बोर्ड फार अडवेल असं मला वाटत नाही, अडलं तर नावांवर अडेल, कारखान्याचं, पुढाऱ्याचं. ऑनलाइनला सध्या बोर्डाचं प्रमाणपत्र लागत नाही, पण ऑनलाइन सगळ्यात शेवटी टाक. आधी गावात दाखव, मोठ्या पडद्यावर चौकात नको, बायकांच्या बैठकीत, दार लावून. काय बदलायला लागेल ते तिथेच कळतं.

फंडाबद्दल फार बोलत नाही, सरकारी डॉक्युमेंटरी करणारी फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झाली, तिकडची जुनी वाट बदललीय, कोलकात्याच्या डॉकएजमध्ये (तिथे डॉक्युमेंटरीवाले पैसे देणाऱ्यांपुढे आपली कल्पना मांडतात) पिच करून बघ, परदेशी पैसा घ्यायच्या आधी सीएला विचार. एनजीओ पैसे देत असेल तर करारात लिहून घे की सक्सेस स्टोरी करायची सक्ती नाही, नाहीतर शेवटची दहा मिनिटं शिलाई मशीनवर जातात.

तुझ्याबद्दल एक, भावकीतली आहेस याचा फायदा जेवढा तेवढाच तोटा. दार पटकन उघडेल पण नाही म्हणणं अवघड होईल, कारण तू अमक्याची लेक. म्हणून पहिली मुलाखत भावकीत करू नको, दुसऱ्या टोळीपासून सुरू कर. आणि रात्री फुटेज एकटीने बघत बसू नको, झोप जाते, क्रूबरोबर बोलत जा.

रेकॉर्डर म्हणशील तर झूम कंपनीचा छोटा कुठलाही चालेल, सेकंडहँड घे, पैसे माइकवर आणि वाऱ्याच्या केसाळ कव्हरवर घाल. फडात पाचट इतकं वाजतं की लेपल पदराला घासून सगळं खराब होतं, तोडतानाचे शॉट बूमवर (लांब दांड्याच्या माइकवर) घे आणि बोलणं कोपीवर. कोपीत लाइट बहुतेक नसतेच, बॅटऱ्या दुप्पट ने, आणि एखादी जास्तीची पॉवर बँक, कारण तू चार्जिंग घेऊन आलीस हे कळलं की अख्ख्या तळाचे मोबाइल तुझ्याकडे येणारेत, आणि ते लावून द्यायचेच.